भाषांतर रात्रीच का उरकावं : सौंदत्ती ते कोहिमा, एकटीने केलेल्या प्रवासपटाचं प्रकरण

प्रकरणातली दिग्दर्शिका बेळगावची, शहापूर भागातली. घरात मराठी, गल्लीत कन्नड, बाजारात दखनी उर्दू. माघी पौर्णिमेच्या जत्रेला सौंदत्तीच्या डोंगरावरून निघायचं, रेल्वेने तंजावर, तिथून पूर्व किनाऱ्याने हावडा, गुवाहाटी, कोहिमा, एप्रिलच्या मध्याला रोंगाली बिहूसाठी परत आसाम, आणि शेवटी कोल्हापूर-निपाणीमार्गे घर. ६६ दिवस, एक कॅमेरा, सोबत मदतनीस नाही. चित्रीकरण ५३ तासांचं झालं आणि तयार माहितीपट ७१ मिनिटांचा. हा प्रवास नमुन्याचा आहे: अशा कामात जे वारंवार घडतं ते एकाच वाटेवर मांडलंय, म्हणून माणसांची नावं नाहीत.

कॅमेरा, माइक, वीज, परवाने, सगळीकडे थोड्याफार चुका झाल्या आणि निस्तरल्याही. एक चूक मात्र पुढे सात आठवडे पुरली. तंजावरात माणसं जे बोलली ते तिने तिथल्या तिथे समजून घेतलं नाही. दोन-तीन भाषांत वाढलेल्या सीमाभागातल्या माणसाला हा धोका जास्तच. कानावर पडलेलं बरंचसं कळतं, आणि ज्याला बरंचसं कळतं तो विचारायला जात नाही.

सामान साडेआठ किलोचं होतं. मिररलेस कॅमेरा, एकच झूम लेन्स, बॅटऱ्या ५, १२८ जीबीची कार्डं ३, २ टीबीचे एसएसडी २, हलका लॅपटॉप, दोन ट्रान्समीटरचा वायरलेस माइक, तळहातात मावेल एवढा ३२-बिट फ्लोट रेकॉर्डर, सव्वा किलोचा ट्रायपॉड, एक क्लॅम्प, २०,००० एमएएचची पॉवर बँक. पॉवर बँकेचा हिशोब विमानाने जाणाऱ्याने करून ठेवावा: २०,००० एमएएच गुणिले ३.७ व्होल्ट म्हणजे ७४ वॉट-तास. विनापरवानगी मर्यादा १०० वॉट-तासांची आहे आणि पॉवर बँक हातातल्या बॅगेतच न्यावी लागते. ड्रोन तिने घेतला नाही, आणि आमच्या मते तो निर्णय बरोबर होता. बेळगावातच सांबऱ्याला विमानतळ आणि हवाई दलाचं प्रशिक्षण केंद्र, शहरात मराठा लाइट इन्फन्ट्रीचं केंद्र. ड्रोन कुठे उडवता येतो ते दाखवणाऱ्या डिजिटल स्कायच्या सरकारी नकाशावर इथलं आकाश मोकळं सापडणं कठीण. २५० ग्रॅमच्या आतला ‘नॅनो’ ड्रोन असला तरी लाल-पिवळ्या पट्ट्याचे नियम सुटत नाहीत. पुढे कोहिमात तर एकट्या बाईने ड्रोन उडवला की अर्धा दिवस गावाला खुलासे देण्यात जातो.

डोंगरावरचे तीन दिवस

सौंदत्तीच्या जत्रेत कॅमेऱ्याचा पहिला शत्रू भंडारा. हळदीची बारीक पूड झूमच्या फटीत, चार्जिंगच्या तोंडात, माइकच्या जाळीत शिरते. ती कापडाने पुसली की तेलकट पिवळा पट्टा काचेवर कायमचा बसल्यासारखा दिसतो. आधी रबरी ब्लोअरने उडवायची, मग मऊ ब्रशने झटकायची, कापड सगळ्यात शेवटी. डोंगरावर लेन्स बदलायची नाही. पावसाळी कव्हर इथे कोरड्या फेब्रुवारीतही लागतं. नसेल तर जाड प्लास्टिकच्या पिशवीला लेन्सपुरतं भोक पाडून रबरबँड लावला तरी चालतं. तिने पहिल्या दिवशी हे केलं नाही. झूमची कडी घरघरू लागली आणि ती शेवटपर्यंत घरघरत राहिली.

दुसरी गोष्ट आवाजाची. चौंडकं, तुणतुणं, हलगी, मध्येच ‘उदं गं आई उदं’चा गजर, आणि त्यातच एखादी म्हातारी हळू आवाजात आपलं काही सांगतेय. कॅमेऱ्याचं ऑटो गेन अशा वेळी घात करतं: हलगी वाजली की पातळी खाली आणि थांबली की वर, त्यामुळे म्हातारीचं बोलणं श्वास लागल्यासारखं वरखाली होतं. ते नंतर कुठल्याही प्लगइनने सरळ होत नाही. गेन हाताने लावावं, सर्वांत मोठ्या आवाजाला मीटर उणे १२ डेसिबलच्या आसपास राहावं, आणि ३२-बिट फ्लोटचा रेकॉर्डर (ज्यात फार मोठा किंवा फार हळू आवाजही नंतर सावरता येतो) अंगावर वेगळा चालू असावा. त्याचा खर्च नगण्य: ४८ किलोहर्ट्झ, मोनो, तासाला साधारण ६९० एमबी.

वायरलेस माइकच्या खोक्यावर दोनशे मीटर लिहिलेलं असतं. जत्रेत ते पंधरा मीटरही चाललं नाही. २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात हजारो फोन बोलत असतात आणि माणसाचं अंग ही लहर शोषून घेतं. बोलणारीने पाठ फिरवली की आवाज तुटतो. ट्रान्समीटरमध्येच रेकॉर्डिंग होणारा संच घ्यावा आणि ते रेकॉर्डिंग सतत चालू ठेवावं. हवेतून येणारा आवाज फक्त ऐकण्यासाठी, वापरायचा तो आतला.

माइक लावायचा कुठे हेही पुस्तकात मिळत नाही. इरकल लुगड्याचा पदर रेशमी असतो, तो माइकवर घासला की करकर येते. बोरमाळेचे मणी तर दर श्वासाला टकटक करतात. माइक पदराखाली नको, खणाच्या चोळीच्या गळ्याशी, माळेच्या वर, दवाखान्यातल्या कागदी चिकटपट्टीने. आणि तो लावायला तिथलीच एखादी बाई पुढे करावी. हे जमणार नसेल तर माइक लावूच नये. रेकॉर्डर तोंडापासून हातभर अंतरावर धरला तर आवाज पुरेसा चांगला येतो.

डोक्यावर जग, म्हणजे यल्लम्माची मूर्ती बसवलेली टोपली, घेतलेल्या जोगतिणींचं चित्रीकरण हा या भागातला सगळ्यात नाजूक विषय. कर्नाटकात देवदासी समर्पणाला १९८२च्या कायद्याने बंदी आली. एखादी स्त्री स्वतःहून मनमोकळी बोलली तरी तिचा चेहरा पडद्यावर येणं म्हणजे तिच्या मुलीच्या शाळेपर्यंत, नातवाच्या लग्नापर्यंत पोचणारी गोष्ट. तिने संमती दोनदा घेतली, आणि ही पद्धत उचलण्यासारखी आहे. पहिली तिथेच, कन्नडमध्ये, कॅमेऱ्यावर: चित्रपट कुठे दाखवणार, पैसे मिळणार की नाही, नंतर नको वाटलं तर कुणाला कळवायचं. दुसरी सहा महिन्यांनी, जोडलेला भाग प्रत्यक्ष दाखवून. कॅमेऱ्यासमोर बोललेल्या दोघींपैकी एकीने दुसऱ्या वेळी चेहरा नको म्हटलं. सुदैवाने हातांची, परडीची, पाठमोरी चालण्याची दृश्यं घेऊन ठेवली होती. तीन मिनिटं वाचली. ज्यांच्याकडे फक्त समोरून घेतलेली मुलाखत असते त्यांना अख्खा प्रसंग काढावा लागतो.

गणित आणि वीज

डोंगरावर तीन दिवसांत ९ तास चित्रण झालं, सगळं फोर-केमध्ये, १०० मेगाबिट दराने. तासाला ४५ जीबी, म्हणजे ४०५ जीबी. चेन्नईला पोचेपर्यंत २३ तास, १,०३५ जीबी. एका एसएसडीचा निम्म्याहून जास्त भाग २४ दिवसांत संपला आणि उरले ४२ दिवस. असाच वेग राहिला असता तर ५३ तासांना २,३८५ जीबी लागले असते, म्हणजे २ टीबीत मावलंच नसतं. तिथून पुढे तिने १०८०पी, ५० मेगाबिट धरलं, तासाला २२.५ जीबी. उरलेले ३० तास ६७५ जीबीत बसले. निघण्याआधी पाच मिनिटांत करायचं गणित तिने चेन्नईच्या फलाटावर केलं.

कॉपी दोन एसएसडींवर, दोन वेगळ्या पिशव्यांत. नुसतं ओढून टाकणं पुरेसं नाही, चेकसम तपासणाऱ्या, म्हणजे मूळ फाइल आणि कॉपी तंतोतंत जुळते का ते पाहणाऱ्या सॉफ्टवेअरनेच कॉपी करावी, आणि दोन्हीकडे तपासणी पूर्ण झाल्याशिवाय कार्ड फॉरमॅट करू नये. लॅपटॉप थकला म्हणून एका रात्री फोनला ओटीजीने एसएसडी जोडून कॉपी केली. ती अर्धवट राहिली आणि फोनने काही सांगितलं नाही. कार्ड अजून फॉरमॅट केलेलं नव्हतं म्हणून निभावलं.

रेल्वेच्या डब्यातले सॉकेट ११० व्होल्टचे. आजकालचे १००–२४० व्होल्टचे चार्जर त्यावर चालतात. पण रात्री ११ ते पहाटे ५ अनेक गाड्यांत सॉकेट बंद ठेवतात. बेळगावहून रात्रभर धावणाऱ्या राणी चन्नम्मा एक्सप्रेसमध्ये चढून ‘सकाळपर्यंत सगळं चार्ज होईल’ म्हणणं फसतं ते यामुळे. गाडीत चढताना बॅटऱ्या भरलेल्या असाव्यात. गाडीचं सॉकेट हा वरचा नफा समजावा.

गाडीतल्या दृश्यांत आणखी एक घोळ झाला. घाईत तिने फोनवर चित्रण केलं. फोन मूळ सेटिंगमध्ये ३० फ्रेमवर आणि बदलत्या फ्रेमदराने घेतो, तिचा कॅमेरा २५ फ्रेमवर. एडिटला बसल्यावर फोनच्या चित्रातले ओठ आणि रेकॉर्डरचा आवाज वीस मिनिटांत जुळेनासे झाले. ते स्थिर फ्रेमदरात रूपांतरित करता येतं, पण ३०चे २५ करताना खिडकीबाहेरची झाडं झटके देत सरकतात. फोनवर हाताने नियंत्रण देणारं कॅमेरा-ॲप टाकावं, २५ फ्रेम आणि शटर १/५० कायमचं बसवावं. आपली वीज ५० हर्ट्झची असल्याने स्टेशनवरच्या ट्यूबलाइटची लकलकही त्यानेच थांबते.

तंजावर

तंजावरला जायचं कारण उघड होतं. १६७०च्या दशकात व्यंकोजी भोसल्यांनी तिथे राज्य बसवलं, सरस्वती महालात मोडी कागद आहेत, बृहदीश्वराच्या आवारात सरफोजींच्या काळात, १८०३मध्ये, कोरलेला भोसल्यांच्या वंशाचा लांबलचक मराठी लेख आहे, आणि मराठी बोलणारी घरं आजही आहेत. मंदिर पुरातत्त्व खात्याच्या ताब्यात आहे. साधे फोटो काढता येतात, ट्रायपॉड उघडला की परवानगी लागते, गाभाऱ्यात कॅमेरा नाही. तिने ट्रायपॉड खोलीवरच ठेवला आणि कॅमेरा पट्ट्याने ताणून छातीशी धरला. लेखाच्या भिंतीची दृश्यं स्थिर आली.

अडचण घरांत झाली. तंजावरी मराठी कानाला ओळखीची वाटते: जुने शब्द, ओळखीची क्रियापदं, मध्येच तमिळ शब्द मराठी प्रत्यय लावून. बेळगावची मुलगी आनंदून गेली. माना डोलवत ४ तास २० मिनिटं मुलाखती घेतल्या. म्हाताऱ्या आजी रंगात आल्या की तमिळमध्ये जात, सून दोन वाक्यांत सारांश सांगे, आणि पुढचा प्रश्न. रात्री टिपणात लिहिलं: ‘आजी – सासरची गोष्ट – छान.’

एडिटला बसल्यावर त्या ‘छान’ गोष्टीत नेमकं काय आहे ते कुणालाच सांगता येईना. सुनेचा सारांश ४० सेकंदांचा, आजींचं बोलणं ११ मिनिटांचं. त्यातून ४० सेकंद निवडायचे तर कुठले? शिवाय न कळणाऱ्या भाषेत वाक्य कुठे संपलं हेच समजत नाही. मराठी, कन्नड, तमिळ, तिन्हींत क्रियापद शेवटी येतं आणि नकारही बहुधा शेवटीच. कन्नडचं ‘इल्ल’, तमिळचं ‘इल्लै’ कापलं की माणूस नेमकं उलटं बोलताना दिसतो. तिच्या पहिल्या जोडणीत हे दोनदा झालं होतं. एका तमिळ जाणणाऱ्याने पाहिल्यावर कळलं की आजी ‘जाऊ दिलं नाही’ म्हणत होत्या आणि पडद्यावर त्या ‘जाऊ दिलं’ म्हणत होत्या.

मग व्हिडिओ कॉलवरून त्याच घरातल्या माणसांना गाठून भाषांतर सुरू झालं. दहा मिनिटांच्या बोलण्याला दीड-दोन तास. नेटवर्क तुटे, सून माहेरी गेली, आजींना आपण तेव्हा काय म्हणालो ते आठवेना. सात आठवडे गेले. हाताशी आलं ते १८ मिनिटांचं वापरण्याजोगं बोलणं.

कोहिमात बदललेली पद्धत

नागालँडला जायला इनर लाइन परमिट लागतं. ऑनलाइन अर्ज करता येतो, छापील प्रत आणि ओळखपत्र सोबत ठेवावं. पण परमिट म्हणजे चित्रणाची परवानगी समजू नये. गावांत ग्रामपरिषद असते, गावबुरा म्हणजे गावप्रमुख असतो, त्यांच्याकडे आधी जायचं, हेतू सांगायचा, मगच कॅमेरा पिशवीतून काढायचा. रविवारी चर्च सोडलं तर सगळं बंद. तिचे दोन दिवसांचे कार्यक्रम शनिवार-रविवारी पडले आणि एक दिवस वाया गेला.

उजेडाचं गणितही इथे वेगळं आहे. बेळगाव साधारण साडेचौऱ्याहत्तर अंश रेखांशावर, कोहिमा चौऱ्याण्णवच्या आसपास. साडेएकोणीस अंश, अंशाला ४ मिनिटं, म्हणजे सूर्याच्या हिशोबाने ७८ मिनिटांचा फरक, आणि घड्याळ मात्र एकच. एप्रिलमध्ये तिकडे पाचच्या आतच उजाडतं. सहाचा गजर लावून उठणाऱ्याला सकाळचा कोवळा उजेड संपलेलाच दिसतो. पहिले तीन दिवस तिचे असेच गेले. टिपणात रोज तेच: ‘ऊन कडक.’

कोहिमात अंगामी नागा घरात ती राहिली. त्यांची तेन्यिदिए ही सुरांची भाषा आहे. सूर बदलला की शब्द बदलतो. इथे कळल्यासारखं वाटण्याची सोयच नव्हती, आणि तेच पथ्यावर पडलं. दुभाषी म्हणून कॉलेजातली एक मुलगी मिळाली. दिवसाची मजुरी आधी ठरवून रोख. पहिल्या दिवशी म्हाताऱ्यांशी नागामीतून, म्हणजे नागालँडच्या बाजारी संपर्कभाषेतून, मग हिंदीतून असा दोन टप्प्यांचा पूल बांधला होता. दर टप्प्यावर काहीतरी सांडतं हे पाहून दुसऱ्या दिवसापासून तेन्यिदिएतून थेट हिंदीत करायचं ठरलं. आणि रोज रात्री जेवणानंतर बसायचं.

या बैठकीची रीत अशी. दिवसभरातलं जास्तीत जास्त १२ मिनिटांचं बोलणं निवडायचं. जास्त निवडलं की दुसऱ्या रात्री कुणी बसत नाही. लॅपटॉपवर एक वाक्य वाजवायचं, थांबवायचं. दुभाषी आधी फाइलचा क्रमांक आणि वेळ बोलते, मग मूळ वाक्य स्वतःच्या तोंडाने सावकाश म्हणते, मग त्याचा अर्थ हिंदीत. हे सगळं छोट्या रेकॉर्डरवर. लिहून घ्यायचं नाही, लिहिण्यात वेळ आणि सूर दोन्ही जातात. मूळ वाक्य सावकाश म्हणून घेण्याचं कारण असं की वाक्य कुठे सुरू होतं आणि कुठे संपतं हे नंतर ती भाषा न येणाऱ्या एडिटरलाही कानाने जुळवता येतं. बारा मिनिटांना सव्वा तास लागतो. शेवटी तीन गोष्टी विचारायच्या: हे कुणाला उद्देशून होतं, इथे हसल्या त्या का, आणि यातला कुठला शब्द हिंदीत आलाच नाही. तिसऱ्या प्रश्नाला उत्तर मिळेपर्यंत उठायचं नाही, कारण दुसऱ्या दिवशी कोणाला काय विचारायचं ते बहुतेक वेळा तिथूनच निघतं.

दुभाषी घरातलीच सून किंवा मुलगा असू नये, निदान कौटुंबिक विषयांत. तंजावरच्या सुनेने सासूच्या गोष्टीचा चाळीस सेकंदांचा सारांश का केला, याचं उत्तर कदाचित गोष्टीतच होतं.

नऊ रात्रींत सुमारे १०० मिनिटांचं बोलणं असं उलगडून झालं. एडिटला कोहिमाचा भाग ११ दिवसांत उभा राहिला.

ती स्वतः कुठे आहे

५३ तासांत दिग्दर्शिका स्वतः दिसते ती जेमतेम ४० मिनिटं. एकटीने काढलेल्या प्रवासपटाचं हे नेहमीचं दुखणं. चालत जाण्याचं एक दृश्य घ्यायचं तर ट्रायपॉड लावा, पन्नास पावलं जा, परत या, पुन्हा जा. कॅमेरा मागे एकटा उभा. चहाच्या टपरीसमोर लावायचा आणि टपरीवाल्याला आधी चहाचे पैसे देऊन लक्ष ठेवायला सांगायचं, हा उपाय गुवाहाटीपासून निपाणीपर्यंत चालला. प्रत्येक दृश्याच्या आधी आणि नंतर दहा सेकंद रिकामी चौकट सोडावी, नाहीतर एडिटमध्ये ती सतत कॅमेऱ्याकडे धावत येताना दिसते.

त्यापेक्षा कामाला आली ती रात्रीची तीन मिनिटांची आवाजी डायरी. पांघरूण डोक्यावर घेऊन रेकॉर्डरमध्ये बोलायचं. गोधडी हा उत्तम स्टुडिओ आहे. पण पहिल्या वीस डायऱ्या टाकून द्याव्या लागल्या. कारण भाषा. रेकॉर्डर चालू झाला की ती शाळेतल्या वक्तृत्व स्पर्धेची मराठी बोलू लागे: ‘आजचा दिवस अविस्मरणीय ठरला.’ हावड्याच्या गाडीत तापात एक डायरी झाली ती घरच्या बोलीत, आणि तिथून तिचा आवाज सापडला. सीमाभागातल्या कुणीही स्वतःचं निवेदन करताना पुण्याच्या कानासाठी भाषा इस्त्री करू नये.

खालची ओळ, वरची ओळ

बोलीचा प्रश्न सबटायटलला पुन्हा आला. सौंदत्तीला खानापूर तालुक्यातली एक बाई म्हणते, ‘मागल्या वर्षी यायचं होतं, खरं बस चुकली.’ बाहेरगावच्या लिपिकाराने उतरवलं: ‘यायचं होतं, खरंच बस चुकली.’ बेळगावकडचं ‘खरं’ म्हणजे ‘पण’, हे ज्याला माहीत नाही त्याला चूक दिसणारही नाही. अशा पंधरा-वीस जागा निघाल्या. मराठी बोलीलाही भाषांतरकार लागतो, आणि तो त्याच तालुक्यातला असावा.

एक प्रश्न सगळ्या वाटेवर सापडला. कन्नडमध्ये ‘ऊटा आयता?’, तमिळमध्ये ‘साप्पिट्टिंगळा?’, असमियात ‘भात खाले ने?’ इंग्रजी सबटायटल करणाऱ्याने तिन्ही ठिकाणी ‘कसे आहात’ या अर्थाचं लिहिलं होतं. अर्थाने चुकीचं नाही, पण चित्रपटाचा धागाच तुटतो. ‘जेवलात का?’ असंच ठेवलं, तेव्हा प्रेक्षकाला तिसऱ्या वेळी आपोआप कळलं.

मांडणीचे नियम थोडक्यात: जास्तीत जास्त दोन ओळी, ओळीत सहा-सात शब्द, पडद्यावर किमान दीड आणि कमाल सहा सेकंद. देवनागरी आणि कन्नडला ओळींमधलं अंतर इंग्रजीपेक्षा जास्त लागतं. नाहीतर मराठीच्या वरच्या मात्रा आणि कन्नडचे खाली लटकणारे जोड एकमेकांत अडकतात. एडिटिंग सॉफ्टवेअरमध्ये भारतीय लिप्यांचं टेक्स्ट इंजिन निवडलेलं नसेल तर ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या उजवीकडे जाऊन बसते. सगळी सबटायटल टाकून झाल्यावर हे दिसलं तर रडू येतं, म्हणून आधी ‘किल्ला’, ‘स्थिती’, ‘शक्ती’ हे तीन शब्द टाकून पाहावेत.

बेळगावच्या प्रयोगासाठी मराठी आणि कन्नड दोन्ही एकत्र दाखवायचं ठरलं. चार ओळींनी चेहरे झाकले, म्हणून दोघांना एकेक ओळ. मग वरची ओळ कुणाची? बेळगावात हा प्रश्न टायपोग्राफीपुरता राहत नाही. तिने दोन वेगळ्या प्रती केल्या, दोन खेळ लावले, आणि आमच्या मते तेच शहाणपणाचं. सार्वजनिक प्रदर्शनासाठी सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं हे प्रयोगाची तारीख ठरवण्याआधी लक्षात असू द्यावं. महोत्सवांना मिळणारी सूट गावातल्या सभागृहाला आपोआप लागू होत नाही. बसमध्ये वाजणारी सिनेमाची गाणी संवादामागे राहिली होती, तिथले चार संवाद हक्कांच्या भीतीने काढावे लागले. चालकाला रेडिओ दोन मिनिटं बंद करायला सांगणं स्वस्त पडतं.

शेवटचं दृश्य लाल एसटीतून सीमा ओलांडण्याचं ठरलं होतं. नेमक्या त्या आठवड्यात सीमावादावरून वातावरण तापलं आणि दोन्हीकडच्या बस सीमेवरून परतू लागल्या. नोव्हेंबरचा पहिला आठवडा आणि बेळगावातल्या हिवाळी अधिवेशनाचे दिवस टाळले की झालं असं ती धरून चालली होती, पण बस कधीही थांबू शकतात. दोन दिवसांची मोकळीक नव्हती. कागलला उतरून वडापने (वाटून घ्यायच्या खासगी गाडीने) कोगनोळी, पुढे निपाणी, असा प्रवास झाला आणि तोच शेवट म्हणून चित्रपटात राहिला.

प्रती पाठवायचं काम अजून बाकी होतं. सौंदत्ती, तंजावर, कोहिमा, ज्या ज्या घरांत चित्रण झालं तिथे पेनड्राइव्ह. घरच्या टीव्हीला चालावी म्हणून फॅट३२ फॉरमॅट, आणि त्यात एका फाइलची मर्यादा ४ जीबीची. ७१ मिनिटं ६ मेगाबिट दराने ३.२ जीबीत बसतात. सबटायटल चित्रातच छापलेली, कारण टीव्ही वेगळ्या फाइलमधली देवनागरी बहुधा चौकोन करून दाखवतो. तंजावरच्या प्रतीला तमिळ सबटायटल, कोहिमाच्या प्रतीला इंग्रजी. सौंदत्तीच्या दोन प्रती कन्नड, त्यातली एक कुरिअरने न पाठवता हातोहात दिली, आणि तिच्यावर चित्रपटाचं नाव लिहिलं नाही.